चरित्रभूमिकेची कला : ललिताबाई पवार यांचीं सत्तर वर्षें

बोलपट पाहून घरीं परतणाऱ्या मंडळींचें संभाषण ऐकलें, तर त्यांत नायकाचें गाणें, नायिकेचें रूप आणि खलपुरुषाची मारामारी यांचीच चर्चा अधिक आढळते. त्याच कथेंतील घरमालकीण, आत्या, सासू, फळवाली किंवा म्हातारे गुरुजी यांचीं कामें कोणीं केलीं, असें विचारल्यास पुष्कळांस नांव सांगतां येत नाहीं. माणूस मात्र त्यांच्या डोळ्यांपुढें उभा असतो. तो कसा चालला, कसा रागावला, कोणत्या क्षणीं त्याचा आवाज कांपला, हें सर्व त्यांस आठवतें. नटाचें नांव मागें राहावें आणि त्यानें उभा केलेला माणूस लक्षांत राहावा, हें ज्या अभिनयाचें साध्य, त्यास चरित्रभूमिका असें म्हणतात. या कलेचें स्वरूप काय, तिला कष्ट कोणते पडतात आणि ती इतकी दीर्घायुषी कां असते, हें एका थोर मराठी अभिनेत्रीच्या उदाहरणानें पाहण्याचा या लेखांत विचार आहे.

आपल्या मालवण-वेंगुर्ल्याच्या किनाऱ्यावरील वाचकांस ही गोष्ट समजून घेण्यासाठीं फार दूर जावयास नको. जत्रेच्या रात्रीं देवळापुढें दशावतार उभा राहतो, तेव्हां त्यांत संकासुर येतो. वेद चोरून नेणारा हा राक्षस काळ्या वेषांत येतो, मालवणींत बोलतो आणि प्रेक्षकांची थट्टा करतो. त्याचा वध व्हावयाचा हें ठरलेलेंच असतें. तरीही पेंगुळलेलीं मुलें त्याच्याच वाटेकडे डोळे लावून जागीं राहतात. संकासुरानें वेद चोरले नाहींत तर विष्णूला अवतार घेण्याचें कारणच उरत नाहीं. कथेला गति देणारें पात्र पुष्कळदां नायकाहून निराळेंच असतें, हें आपल्या खेड्यांतील प्रेक्षकांस सिनेमा येण्यापूर्वींपासून ठाऊक आहे.

नायकाच्या व नायिकेच्या कामांत प्रेक्षक स्वतःचीं स्वप्नें पाहात असतो. म्हणून त्या कामास तारुण्य व रूप लागतें, आणि तीं ओसरूं लागलीं कीं प्रेक्षक नवीन चेहरा शोधूं लागतो. चरित्रनटाची गोष्ट याच्या उलट आहे. पांढरे झालेले केस, जाड झालेला आवाज, कपाळावरील आठ्या, वांकलेली पाठ, हें सर्व त्याच्या उपयोगी पडतें. वय वाढेल तसतशा त्याच्या भूमिका वाढत जातात. मात्र त्यासाठीं एक किंमत मोजावी लागते. लोकांनीं आपल्यावर प्रेम करावें, ही जी प्रत्येक नटाच्या मनांतील स्वाभाविक इच्छा, ती त्याला बाजूस ठेवावी लागते. पात्र द्वेषास योग्य असेल, तर लोकांचा द्वेष पत्करणें हेंच त्याचें कर्तव्य ठरतें.

या कलेस शास्त्राचें रूप देण्याच्या कामीं रशियन रंगभूमीचा वाटा मोठा आहे. १८९८ सालीं स्तानिस्लाव्स्की व नेमिरोविच-दानचेन्को यांनीं मॉस्को आर्ट थिएटर ही संस्था स्थापिली. रंगभूमीवर चारच वाक्यें बोलणाऱ्या नटानेंही आपलें पात्र कोठून आलें, त्याला काय हवें आहे, त्याच्या मनांत काय सलतें आहे, याचा पूर्ण विचार करून यावें, अशी त्या परंपरेची शिकवण होती. त्याच देशांत पुढें फाइना रानेव्स्काया (१८९६–१९८४) ही अभिनेत्री होऊन गेली. चित्रपटांत तिच्या वाट्यास बहुतेक दुय्यम कामेंच आलीं. सिंड्रेलाच्या गोष्टीवरील १९४७ सालच्या चित्रपटांत ती दुष्ट सावत्र आई झाली होती. तरी रशियांत घरोघर तिचें नांव झालें. दुय्यम भूमिकेचा नट दुय्यम प्रतीचा नसतो, याची साक्ष तिचें आयुष्य देतें.

आपल्या कोंकणानेंही असा एक नट महाराष्ट्रास दिला. केशवराव दाते यांचा जन्म १८८९ सालीं राजापुराजवळील आडिवरें गांवीं झाला. सिंधुदुर्ग जिल्हा १ मे १९८१ रोजीं निराळा झाला. त्यापूर्वीं आडिवरें आणि मालवण हीं एकाच रत्नागिरी जिल्ह्यांत मोडत असत. केशवराव रंगभूमीवर प्रथम स्त्रीभूमिका करीत, मग पुरुषपात्रें करूं लागले आणि नंतर बोलपटांत आले. ‘प्रभात’च्या १९३७ सालच्या ‘कुंकू’ या बोलपटांत तरुण मुलीशीं लग्न करणारा वृद्ध विधुर वकील त्यांनीं रंगविला. या माणसास निव्वळ दुष्ट दाखविणें सोपें होतें. केशवरावांनीं मात्र त्याची हौस, त्याची लाज आणि शेवटीं त्याला आलेली जाग हीं सर्व दाखविलीं. त्यामुळें प्रेक्षक त्याच्यावर रागावतां रागावतां त्याची कींवही करूं लागला. पात्राला न्याय देणें म्हणजे काय, तें यावरून समजतें.

आतां मुख्य विषयाकडे वळूं. ललिताबाई पवार यांचा जन्म १९१६ सालीं नाशिक जिल्ह्यांतील येवलें येथें झाला. येवलें पैठण्यांसाठीं प्रसिद्ध. त्यांचे वडीलही रेशमी व सुती कापडाचे व्यापारी होते. माहेरचें नांव अंबा. १९२८ सालीं, म्हणजे चित्रपटास अजून वाचा फुटलेली नव्हती त्या काळीं, ही लहान मुलगी पुण्याच्या एका मूकपटांत प्रथम चमकली. पुढें त्या नायिका झाल्या. १९३२ सालच्या ‘कैलास’ या मूकपटांत त्यांनीं काम तर केलेंच, शिवाय त्याच्या निर्मितींतही भाग घेतला. बोलपट आल्यावर त्या स्वतःचीं गाणीं स्वतः गाऊं लागल्या. टॉल्स्टॉयच्या ‘पुनरुत्थान’ या कादंबरीवर आधारलेला ‘दुनिया क्या है’ हा बोलपटही त्यांनीं काढला. शिरोड्याच्या शाळेंत अनेक वर्षें शिक्षक असलेले वि. स. खांडेकर यांच्या कथेवरून मास्टर विनायकांनीं १९४१ सालीं ‘अमृत’ हा चित्रपट काढला, त्यांतही ललिताबाई होत्या. याप्रमाणें पंचविशी ओलांडीपर्यंत त्यांची कीर्ति एका रूपवान, धीट व गात्या गळ्याच्या नटीची होती.

१९४२ सालीं ‘जंग-ए-आझादी’ या चित्रपटाचें चित्रण चाललें असतां एका प्रसंगांत मास्टर भगवान यांनीं त्यांच्या थोबाडींत मारावयाची होती. चित्रपटांतील थप्पड ही अंदाजानें मारावयाची असते. त्या वेळीं अंदाज चुकला आणि हात जोरानें लागला. त्यांच्या चेहऱ्याच्या एका बाजूवर अर्धांगाचा परिणाम झाला व डाव्या डोळ्यास कायमची इजा पोंचली. हें कसें होतें तें विद्यार्थ्यांनीं समजून घेण्यासारखें आहे. आपल्या चेहऱ्याच्या दोन्ही बाजूंस एकेक मज्जातंतु असतो. भुवया उचलणें, डोळा घट्ट मिटणें, ओठ फांकवून हसणें, या सर्व हालचालींच्या आज्ञा त्याच्या मार्गानें स्नायूंपर्यंत पोंचतात. तो दुखावला कीं त्या बाजूचे स्नायु सैल पडतात आणि हसूं एकाच अंगास उमटतें. सामान्य माणसास हें दुःसह. ज्याचा चेहरा हेंच पोटापाण्याचें साधन, त्याच्यावर तर हा कोसळलेला डोंगरच. उपचार सुमारें तीन वर्षें चालले असें सांगतात. प्रकृति सुधारली, पण डावा डोळा पूर्ववत् झाला नाहीं. तो किंचित् बारीक व आंखडलेला राहिला.

नायिकेचीं कामें मिळण्याची आशा अर्थातच संपली. अशा वेळीं दोनच मार्ग असतात. झालें तें लपवावें, किंवा झालें तें कामास लावावें. लपविण्यासाठीं कॅमेऱ्यासारखा वाईट सोबती दुसरा नाहीं. रंगभूमीवर शेवटच्या रांगेंतील प्रेक्षकास नटाचा डोळा दिसतही नाहीं, म्हणून तेथें हातवारे व आवाज मोठे ठेवावे लागतात. चित्रपटांत चेहरा पडद्याएवढा होतो आणि पापणीची नुसती थरथरही सर्वांस दिसते. जो दोष नाटकांत झांकला गेला असता, तो चित्रपटांत शतपट मोठा व्हावयाचा. ललिताबाईंनीं दुसरा मार्ग धरला. १९४४ सालीं ‘प्रभात’च्या ‘रामशास्त्री’ या बोलपटांत त्या राघोबादादांच्या पत्नी आनंदीबाई झाल्या. ‘ध’चा ‘मा’ केल्याची आख्यायिका जिच्या नांवाशीं जोडलेली आहे, ती ही आनंदीबाई. त्या आंखडलेल्या डोळ्यांत प्रेक्षकांस महत्त्वाकांक्षा दिसली, कारस्थान दिसलें. येथून त्यांच्या दुसऱ्या आणि खऱ्या अर्थानें मोठ्या कारकीर्दीस आरंभ झाला.

यापुढें त्या सासू, आई, आत्या, मावशी होऊं लागल्या. १९५० सालीं व्ही. शांताराम यांच्या ‘दहेज’मध्यें हुंड्यासाठीं सुनेस छळणारी सासू त्यांनीं उभी केली, तेव्हां त्यांचें वय अवघें चौतीस होतें. १९५१ सालच्या ‘अमर भूपाळी’त त्या होनाजीच्या आई झाल्या. १९५२ सालच्या ‘दाग’मध्यें दिलीपकुमार यांच्या आईची भूमिका त्यांनीं केली, प्रत्यक्षांत दिलीपकुमार त्यांच्याहून सहाच वर्षांनीं लहान होते. चाळिशीच्या आंतील बाईनें साठीच्या म्हातारीचें सोंग घेणें हें केवळ केसांना पांढरा रंग लावून साधत नाहीं. म्हातारें माणूस उठतांना हात कोठें टेकतें, दोन पावलांमध्यें किती थांबतें, मुलानें टाकून बोलल्यावर त्याच्याकडे पाहतें कीं जमिनीकडे, हें सर्व पाहून ठेवावें लागतें. चरित्रनटाची खरी पाठशाळा रस्ता, बाजार आणि शेजारघर हीच होय.

त्यांच्या कलेची परीक्षा पाहावयाची तर ‘अनाडी’ हा १९५९ सालचा चित्रपट पाहावा. दिग्दर्शक हृषीकेश मुखर्जी. मुंबईंतील मिसेस डिसा ही एकटी ख्रिस्ती घरमालकीण. तिच्या घरीं एक भोळा, प्रामाणिक तरुण चित्रकार राहतो. ती भूमिका राज कपूर यांची. ती दिवसभर त्याच्यावर खेंकसते, भाड्याची आठवण करून देते. आणि मनांतून त्याच्यावर पोटच्या मुलासारखी माया करते. आपल्या किनाऱ्यावरील ख्रिस्ती घरांत अशी एखादी करारी आजी वाचकांनीं पाहिली असेल. तिच्या रागाची कोणास भीति वाटत नाहीं, कारण त्या रागाच्या मागें ताटांत वाढून ठेवलेलें जेवण असतें. अखेरीस ही बाई भेसळीच्या औषधानें मरते, आणि तिच्या मृत्यूचा आळ त्याच तरुणावर येतो. ज्या बाईचा आरडाओरडा ऐकून प्रेक्षक दोन तास हसला, तिच्या मृत्यूनें तो रडूं लागतो. या भूमिकेबद्दल ललिताबाईंस सहाय्यक अभिनेत्रीचें फिल्मफेअर पारितोषिक मिळालें. १९७१ सालच्या ‘आनंद’ या चित्रपटांत त्याच दिग्दर्शकानें त्यांस पुन्हां डिसा याच नांवाची रुग्णालयांतील मेट्रन केलें.

येथें एक गोष्ट बारकाईनें पाहण्यासारखी आहे. आनंदीबाईच्या चेहऱ्यावर जो आंखडलेला डोळा कारस्थानाचा वाटला, तोच डोळा मिसेस डिसाच्या चेहऱ्यावर मायेनें भरून आलेला दिसतो. डोळा एकच, अर्थ मात्र पालटला. याचा अर्थ, भाव डोळ्यांत नसून त्याच्या मागें जें मन उभें केलें जातें त्यांत असतो. शरीराच्या व्यंगावरून माणसाचा स्वभाव ठरविण्याची एक वाईट खोड आपल्या समाजांत आहे; तिरळा म्हटला कीं लबाड, लंगडा म्हटला कीं खोडकर. चित्रपटांनींही त्या समजुतीचा पुष्कळदां फायदा घेतला, आणि ललिताबाईंस मिळालेल्या कित्येक भूमिका त्याच समजुतींतून आल्या. परंतु ज्या चेहऱ्यानें दुष्टपणा दाखविला, त्याच चेहऱ्यानें वात्सल्य दाखवून त्यांनीं ती समजूत खोटी पाडली.

१९५५ सालच्या ‘श्री ४२०’ मधील गंगामाई ही केळीवाली याच कुळांतली. पदपथावर राहणारी ही बाई तोंडाची फटकळ, पण मनाची निर्मळ. शंभर रुपयांत घर मिळेल या फसव्या योजनेवर विश्वास ठेवून गरिबांनीं पैपैचा सांठा पुढें केला, त्यांत तीही होती. प्रेक्षकांस त्या फसवणुकीची चीड येते ती आंकड्यांमुळें नव्हे. गंगामाईचा विश्वास त्यांनीं पाहिलेला असतो म्हणून. हा चित्रपट सोव्हिएट रशियांतही फार लोकप्रिय झाला. येवल्याच्या मुलीनें उभी केलेली मुंबईची केळीवाली हिंदी न समजणाऱ्या रशियन प्रेक्षकांनींही पाहिली.

कठोर पात्रेंही त्यांनीं एकाच सांच्यांतून काढलीं नाहींत. ‘सुजाता’ (१९५९) मधील म्हातारी अस्पृश्य मुलीस दूर ठेवते, पण ती खलनायिका नाहीं. लहानपणापासून शिकविलेल्या रूढीची ती कैदी आहे. ‘जंगली’ (१९६१) मधील श्रीमंत आई घरांत हसण्यासच बंदी करते. ‘प्रोफेसर’ (१९६२) मधील करड्या शिस्तीची पालक बाई उतारवयांत प्रेमांत पडते, आणि तिला हसतां हसतां आपल्याला तिची दयाही येते. ‘हम दोनों’ (१९६१) मध्यें त्या पुन्हां साध्या, प्रेमळ आई आहेत.

त्यांच्या चित्रपटांची संख्या सातशेंच्या आसपास सांगण्यांत येते. इतक्या कामांत सर्वच उत्तम असणें शक्य नाहीं. खाष्ट सासूचें काम त्या हमखास करतात म्हटल्यावर पुष्कळ निर्मात्यांनीं त्यांस तेंच तें काम दिलें, आणि त्यांतील कित्येक सासवा आतां एकमेकींपासून ओळखूंही येत नाहींत. चरित्रनटाच्या धंद्यांतील हा मोठा धोका आहे. प्रेक्षकांचाही यांत दोष आहे. पडद्यावरील पात्र आणि तें करणारें माणूस यांतील भेद तो विसरतो. घरांतील एखाद्या कजाग बाईस ‘ललिता पवार’ म्हणण्याची जी चाल पडली, ती त्यांच्या कलेची एका परीनें पावती होती. पण त्या कष्टाळू बाईवर तो अन्यायही होता.

रामायणांतील मंथरा त्यांनीं दोनदां केली. प्रथम १९६१ सालच्या ‘संपूर्ण रामायण’ या चित्रपटांत, आणि पुन्हां १९८७ सालीं दूरदर्शनवर सुरू झालेल्या रामानंद सागर यांच्या ‘रामायण’ मालिकेंत. दोहोंमध्यें सव्वीस वर्षांचें अंतर होतें. दुसऱ्या वेळीं त्या सत्तरीच्या घरांत होत्या. दर रविवारीं सकाळीं ज्या घरांत दूरदर्शन संच असे, तेथें शेजाऱ्यापाजाऱ्यांची गर्दी जमे, आणि मंथरा कैकेयीच्या कानाशीं लागली कीं म्हाताऱ्या बाया मोठ्यानें तिला शिव्या देत. या भूमिकेचें मर्म असें कीं, मंथरेला आपण दुष्ट आहोंत असें वाटत नाहीं. आपल्या कैकेयीचें, आपल्या भरताचें हित आपणच पाहतों, अशी तिची खात्री असते. तिची ही खात्री प्रेक्षकास पटली, तरच कैकेयीचें मन फिरणें त्याला पटतें. तें पटलें, तरच दशरथाचा शोक आणि रामाचा वनवास खरा वाटतो. मंथरा खोटी ठरली कीं पुढील सर्व कथा डळमळते. रामाच्या भूमिकेवर सर्वांचे डोळे असतात; पण रामायण पुढें ढकलणारा हात कुबड्या दासीचा आहे.

१९६१ सालीं ललिताबाईंस संगीत नाटक अकादमीचें पारितोषिक मिळालें. २४ फेब्रुवारी १९९८ रोजीं पुण्यास औंध येथें त्यांचें निधन झालें. मूकपटाच्या काळांत सुरू झालेली त्यांची वाटचाल बोलपट, रंगीत चित्रपट आणि दूरदर्शन असे सर्व टप्पे ओलांडून आली. त्यांच्याबरोबरच्या कित्येक नायिका दहा वर्षांत विस्मृतींत गेल्या.

आमच्या विद्यार्थिबंधुभगिनींस यांतून एक व्यवहाराची गोष्ट घेतां येईल. स्नेहसंमेलनाचें नाटक ठरलें कीं राजा, राजकन्या व वीर यांच्या कामांसाठीं चढाओढ लागते. दासी, म्हातारा किंवा खलपुरुष होण्यास कोणी पुढें येत नाहीं. पालकही मुलास किती वाक्यें आलीं हें मोजतात. ज्याच्या वांट्यास असें लहान अथवा नावडतें काम येईल, त्यानें रुसून बसूं नये. त्यानें बाजारांत जावें, जेटीवर जावें, घरांतील आजीस उठतां-बसतां नीट पाहावें, आणि आपलें पात्र असें कां वागतें याचें उत्तर शोधावें. पालकांनीं नाटक पाहून घरीं आल्यावर मुलास ‘किती वेळ होतास?’ असें न विचारतां ‘तुझ्या पात्राला काय हवें होतें?’ असें विचारावें. या प्रश्नाचें उत्तर ज्याला सांगतां येतें, त्याला नाटकाबाहेरचीं माणसेंही थोडीं अधिक समजूं लागतात; आणि न आवडणाऱ्या माणसाचें मन समजून घेण्याची ही संवय रंगमंचाइतकीच घरांत व शाळेंतही उपयोगी पडते.